सकाळी जळलेली बस

समजा, एखाद्या शहरात सकाळी अकरा वाजता एका चौकात दगडफेक झाली आणि जमावाने एक एसटी पेटवली. बंब आला, साडेअकराला आग विझली. दुपारी दोनपर्यंत पोलिसांनी चौक मोकळा केला आणि चार वाजता समोरच्या टपरीवर चहा उकळू लागला. बस जळत असताना तिथल्या एका स्ट्रिंगरने, म्हणजे बातमीमागे मानधन घेणाऱ्या स्थानिक वार्ताहराने, मोबाइलवर चाळीस सेकंदांचे चित्रीकरण करून वाहिनीला पाठवले. संध्याकाळी सात वाजता ती बस टीव्हीवर जळत असते. आठ वाजता जळत असते. रात्री नऊच्या चर्चेत चार पाहुणे चार चौकटींत भांडत असतात आणि पाचव्या चौकटीत बस जळतच असते. नागपूरहून मामा भाचीला फोन करतात, "अगं, तुमच्याकडे अजून पेटलेलंच आहे की!" ती सांगते, "नाही हो मामा, मी आत्ताच त्या चौकातून भाजी घेऊन आले." मामांना ते पटत नाही. त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले असते.

भाची खोटे बोलत नाही आणि चित्रही खोटे नाही. बस खरोखर जळली होती. फक्त ती कधी जळली आणि नेमकी कुठे जळली, हे चित्रातून गळून पडले. दंगलीची किंवा राजकीय संघर्षाची बातमी टीव्हीवर कशी घडते हे पाहताना मी या प्रकरणात हाच धागा धरून चालणार आहे. अशा दिवशी माणसाला सर्वांत आधी हवे असते ते एवढेच: कुठे झाले, कधी झाले, किती झाले, आणि आता तिथे काय आहे. कुणाला मुलाला शाळेतून आणायचे असते, कुणाचा नवरा रात्रपाळीला निघालेला असतो, कुणाचे दुकान त्याच रस्त्यावर असते. ही माहिती वाहिनीच्या कचेरीत बहुतेक वेळा आलेली असते. पडद्यापर्यंत पोचताना मात्र ती झडते.

वृत्तवाहिनीच्या कचेरीला दोन टोके असतात. एका टोकाला इनपुट, म्हणजे वार्ताहर, स्ट्रिंगर आणि ओबी व्हॅन (घटनास्थळावरून थेट प्रक्षेपण करणारी गाडी) यांच्याकडून येईल ते गोळा करणारा विभाग. दुसऱ्या टोकाला आउटपुट, म्हणजे आलेल्या सामग्रीतून बातमीपत्र लावणारा विभाग. दंगलीच्या दिवशी आउटपुटच्या डेस्कवरच्या तरुण निर्मात्यापुढे अडचण अशी असते, की निवेदक दहा मिनिटे बोलणार आहे आणि हाताशी दृश्ये आहेत चाळीस सेकंदांची. पडदा रिकामा ठेवता येत नाही. मग तेच चाळीस सेकंद फिरवायचे. यालाच लूप म्हणतात. दहा मिनिटांत ती बस पंधरा वेळा पेटते. यात दर वेळी कुणाचा वाईट हेतू असतो असे मला वाटत नाही. बऱ्याचदा ती निव्वळ वेळ भरून काढण्याची धडपड असते. पण पाहणाऱ्याच्या मनात हिशेब पंधरा बसांचा लागतो. त्यातच मागच्या एखाद्या दंगलीची दृश्ये मिसळली आणि कोपऱ्यात 'फाइल' असे लिहायचे राहून गेले, तर कुठली आग कुठल्या वर्षाची हेही कळेनासे होते. कॅमेऱ्याची चौकट अरुंद ठेवली की पन्नास माणसांचा जमाव पाचशेंचा दिसतो. चौकटीच्या बाहेर रिकामा रस्ता असतो, त्याला कुणी दाखवत नाही.

टीव्ही असे काही करतो हे लक्षात येऊन आता सत्तर वर्षे उलटली. अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष ट्रूमन यांनी एप्रिल १९५१ मध्ये जनरल मॅकआर्थर यांना कोरियाच्या युद्धातील सेनापतिपदावरून दूर केले. त्यावरून देशात मोठा राजकीय वाद पेटला. २६ एप्रिलला शिकागोत मॅकआर्थर यांची मिरवणूक निघाली आणि टीव्हीने ती थेट दाखवली. कर्ट लँग आणि ग्लॅडिस लँग या समाजशास्त्राच्या दोन अभ्यासकांनी त्या दिवशी ३१ निरीक्षक शहरभर उभे केले आणि त्यांनी पाहिलेले टीव्हीने दाखवलेल्याशी ताडून बघितले. रस्त्यावरच्या निरीक्षकांना दिसले ते तासन् तास ताटकळणे, विरळ गर्दी, गाडी क्षणात निघून गेल्यावर झालेली निराशा. टीव्हीवर मात्र आरंभापासून अखेरपर्यंत जल्लोष होता. लोक जोरात ओरडत होते ते पुष्कळदा कॅमेरा आपल्याकडे वळलेला पाहून. घरी बसलेल्या माणसाला वाटले, सारे शहर सेनापतीच्या मागे उभे आहे. आणि ही तर साधी मिरवणूक होती, तिच्यात कुणाच्या जिवाला धोका नव्हता.

आपल्याकडे टीव्हीची सुरुवात अगदी उलट टोकाने झाली. दूरदर्शनचे पहिले प्रक्षेपण दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ ला झाले, मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झाले. संध्याकाळच्या मराठी बातम्या आणि प्रदीप भिडे यांचा धीरगंभीर आवाज माझ्या पिढीच्या कानांत अजून आहे. त्या बातम्यांत दंगल म्हणजे दोन वाक्ये: दोन गटांत हाणामारी झाली, परिस्थिती नियंत्रणात आहे. कुठले गट, कोण मेले, कुणी मारले हे सांगायचे नाही असा दंडक होता. वर्तमानपत्रेही 'एका विशिष्ट समाजाच्या जमावाने' असे लिहीत आणि वाचणारा मोहल्ल्याच्या किंवा पेठेच्या नावावरून समाज ओळखून घेई. हेतू भडका उडू नये हा होता. पण सरकारी टीव्ही गप्प बसला की ती जागा अफवा घेते. ३१ ऑक्टोबर १९८४ ला सकाळी इंदिरा गांधींवर गोळ्या झाडल्या गेल्या. त्यांच्या मृत्यूची बातमी बीबीसीने आधी दिली. आकाशवाणीने ती सांगितली तेव्हा संध्याकाळ झाली होती. मधल्या सगळ्या तासांत दिल्लीच्या रस्त्यांवर काय काय पसरले असेल याचा अंदाज करता येतो. पुढे तीन मूर्ती भवनात पार्थिव ठेवले असताना दूरदर्शनने अंत्यदर्शन थेट दाखवले आणि गर्दीतल्या बदल्याच्या घोषणा त्या प्रक्षेपणातून घरोघर ऐकू गेल्या. बाहेर शिखांची कत्तल चालू होती. एकट्या दिल्लीत २,७३३ माणसे मारली गेल्याचा अधिकृत आकडा आहे. ती कत्तल त्या वेळी पडद्यावर कुठेच नव्हती. घोषणा ऐकवल्या, मारले जाणारे दाखवले नाहीत. टीव्हीने केलेली याहून मोठी चूक माझ्या माहितीत नाही.

'दाखवूच नका' हा उपाय किती तोकडा आहे हे त्यानंतर चार वर्षांनी मुंबईच्याच एका खटल्यात स्पष्ट झाले. भीष्म साहनींच्या कादंबरीवरून गोविंद निहलानींनी केलेली 'तमस' ही फाळणीच्या दंगलींवरची मालिका जानेवारी १९८८ मध्ये दूरदर्शनवर सुरू झाली आणि तिच्यामुळे दंगल पेटेल अशी याचिका मुंबई उच्च न्यायालयात आली. आधी स्थगिती मिळाली. मग न्यायमूर्ती लेंटिन आणि न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी मालिका पूर्ण पाहिली आणि स्थगिती उठवली. सर्वोच्च न्यायालयानेही तोच निर्णय कायम केला. त्यासाठी आधार घेतला तो नागपूरच्या न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी पूर्वी घालून दिलेल्या कसोटीचा: शब्दांचा किंवा दृश्याचा परिणाम ठरवायचा तो समंजस, खंबीर मनाच्या माणसाच्या नजरेतून, प्रत्येक गोष्टीत धोका पाहणाऱ्या दुबळ्या मनाच्या नजरेतून ठरवायचा नाही. दंगल कशी घडवली जाते हे पाहिलेला माणूस पुढच्या वेळी फसत नाही, हा त्यामागचा विचार. 'तमस' ही कथा होती, बातमी नव्हती, तरी ही कसोटी बातमीलाही लावावी असे मला वाटते.

१९९२ च्या ६ डिसेंबरला अयोध्येत बाबरी मशीद पाडली जात असताना पत्रकारांना मारहाण झाली, कॅमेरे फोडले गेले. तेव्हा भारतात खासगी वृत्तवाहिनी नव्हती. ज्यांच्या घरी केबल होती त्यांनी बीबीसीवर पाहिले; पुढे 'न्यूजट्रॅक'सारख्या व्हिडिओ मासिकांच्या कॅसेट भाड्याने मिळाल्या, त्यांनाही सेन्सॉर बोर्डाचे प्रमाणपत्र लागे. त्यानंतर डिसेंबर आणि जानेवारीत मुंबई जळली. श्रीकृष्ण आयोगाने नोंदवलेले ९०० मृत्यू, त्यांत ५७५ मुसलमान आणि २७५ हिंदू, हे सारे खासगी वृत्तवाहिन्यांच्या आधीच्या काळातले आहेत. मुंबईकरांना त्या रात्री जागे ठेवले ते फोनवरून आणि गच्चीवरून पसरलेल्या अफवांनी: समुद्रातून शस्त्रे उतरली, दुधात विष कालवले. वृत्तवाहिन्या नव्हत्या म्हणून दंगल सौम्य झाली नाही, हे आजच्या टीव्हीवर संतापलेल्या माणसानेही ध्यानात ठेवायला हवे.

चोवीस तासांच्या वाहिन्यांसमोर झालेली पहिली मोठी दंगल म्हणजे २००२ चे गुजरात. गोध्र्याला २७ फेब्रुवारीला साबरमती एक्सप्रेसच्या एस-६ डब्यात ५९ माणसे जळून मेली आणि पुढचे कित्येक दिवस राज्यात हिंसा चालली. केंद्र सरकारने २००५ मध्ये संसदेत दिलेल्या आकड्यांनुसार ७९० मुसलमान आणि २५४ हिंदू मारले गेले. तेव्हा स्टार न्यूजसाठी बातम्या एनडीटीव्ही तयार करत असे. राजदीप सरदेसाई, बरखा दत्त असे वार्ताहर जळत्या वस्त्यांतून थेट बोलत होते. मारले जाणारे कोण आणि मारणारे कोण हे त्यांनी नाव घेऊन सांगितले. प्रेस कौन्सिलची जुनी शिकवण होती की समाजाचे नाव घेऊ नये. यावर मोठा वाद झाला, काही वाहिन्या काही काळ केबलवरून बंदही करण्यात आल्या. एडिटर्स गिल्डने आकार पटेल, बी. जी. वर्गीस आणि आपले दिलीप पाडगावकर यांना गुजरातला पाठवले. मे २००२ मध्ये आलेल्या त्यांच्या अहवालाचा रोख टीव्हीपेक्षा काही गुजराती दैनिकांच्या भडक मथळ्यांवर अधिक कडक होता.

समाजाचे नाव घ्यावे की घेऊ नये? माझे मत सांगतो. ज्यांची घरे जाळली त्यांची ओळखच पुसून टाकली तर तो त्यांच्यावर दुसरा अन्याय होतो, आणि सरकारला जाब विचारण्याची वाटही बंद होते. 'दोन गटांत' या शब्दांत मारणारा आणि मरणारा एका पातळीवर येतात. पण पहिल्या काही तासांत, आकडा पक्का नसताना, कुणी कुणाला मारले हे ऐकीव असताना नाव घेणे म्हणजे सूडाला पत्ता देणे. नाव घ्यायचे तर त्यासोबत जागा, वेळ, आकडा आणि ते कुणी सांगितले हे चारही द्यावे. हे जमत नसेल तर ते जमेपर्यंत थांबावे.

इथवर मी वेळ आणि जागा सांगा असा आग्रह धरला. पण एक प्रसंग असा आहे जिथे नेमकी हीच माहिती घातक ठरली, आणि तो आपल्याच मुंबईत घडला. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री साडेनऊच्या सुमाराला सुरू झालेला हल्ला २९ तारखेच्या सकाळी संपला. १६६ माणसे गेली. ताज, ट्रायडंट आणि नरिमन हाउससमोर कॅमेऱ्यांची रांग लागली होती. नरिमन हाउसच्या गच्चीवर हेलिकॉप्टरमधून दोरावरून उतरणारे कमांडो साऱ्या जगाने थेट पाहिले, आणि पाकिस्तानात टीव्हीसमोर बसून फोनवरून हल्लेखोरांना सूचना देणाऱ्यांनीही पाहिले. ते फोन पकडले गेले, त्यांचे संभाषण न्यायालयात आले. सर्वोच्च न्यायालयाने हल्लेखोर कसाबच्या खटल्याच्या २९ ऑगस्ट २०१२ च्या निकालात या प्रक्षेपणावर फार कठोर शब्दांत ताशेरे ओढले: त्यामुळे एखाद्या जवानाचा जीव गेला का हे सांगता येणार नाही, पण त्यांचे काम अतिशय अवघड आणि धोक्याचे झाले यात शंका नाही. पुढे २०१५ मध्ये केबल टीव्हीच्या नियमांत बदल झाला. दहशतवादविरोधी कारवाई चालू असताना थेट प्रक्षेपण करायचे नाही, नेमलेल्या अधिकाऱ्याने वेळोवेळी दिलेली माहितीच सांगायची.

त्या प्रक्षेपणात आणखी एक गोष्ट झाली, तिच्यावर कमी बोलले जाते. सीएसटी स्थानकात ५० हून अधिक माणसे मारली गेली. फलाटावर लांब पल्ल्याच्या गाडीची वाट पाहणारी, गाठोडी उशाला घेऊन टेकलेली साधी माणसे. तिथला गोळीबार तासाभरात संपला आणि हल्लेखोर पुढे गेले, म्हणून तिथे कॅमेऱ्यांचा तळ पडला नाही. ताजचा जळता घुमट मात्र तीन दिवस पडद्यावर होता. जिथे कॅमेरा उभा राहू शकतो तिथे बातमी वाढत जाते. स्थानकावरच्या हल्लेखोराचे जे छायाचित्र जगभर गेले ते सेबॅस्टियन डिसूझा या वृत्तपत्राच्या छायाचित्रकाराने, टीव्हीच्या कॅमेऱ्याआधी, जीव धोक्यात घालून टिपलेले होते.

आणि त्याच स्थानकात, लोकलच्या बाजूला, विष्णू झेंडे नावाचे उद्घोषक आपल्या खोलीत बसून ध्वनिक्षेपकावरून पुन्हा पुन्हा सांगत होते, की इकडे येऊ नका, मागच्या बाजूने बाहेर पडा. त्यांच्याकडे चित्र नव्हते, तज्ज्ञ पाहुणे नव्हते. धोका कुठे आहे आणि जायचे कुठून, एवढेच ते मराठीत आणि हिंदीत सांगत राहिले आणि त्यामुळे लोकलमधून उतरणारे कितीतरी प्रवासी वाचले. दंगलीच्या किंवा हल्ल्याच्या वेळी बातमी म्हणजे काय असावे, याचे याहून चांगले उदाहरण मला आजवर सापडलेले नाही. थेट प्रक्षेपणातली जागा आणि वेळ मारेकऱ्याच्या कामी आली, झेंड्यांच्या तोंडची जागा आणि वेळ प्रवाशांच्या कामी आली. माहिती देण्याआधी ती कुणाच्या उपयोगाची आहे हा प्रश्न विचारायला हवा, आणि तो डेस्कवरच्या माणसाला काही सेकंदांत विचारावा लागतो.

गेल्या दहाएक वर्षांत मात्र बातमीचे केंद्रच रस्त्यावरून स्टुडिओत सरकले आहे. याचे कारण मोठ्या प्रमाणात पैशांचे आहे. वार्ताहर, कॅमेरामन, ओबी व्हॅन, गाडी, मुक्काम असा तांडा दंगलग्रस्त गावात चार दिवस ठेवायचा तर खर्च मोठा. चार पाहुणे आपापल्या घरून संगणकावरून जोडून घ्यायला जवळजवळ काहीच लागत नाही, आणि तास भरून निघतो. प्रेक्षक मोजण्याचे काम बार्क ही संस्था करते. २०२० मध्ये देशात टीव्ही असलेली सुमारे २१ कोटी घरे होती आणि मोजणीची यंत्रे बसवलेली घरे होती सुमारे ४४ हजार. इंग्रजीसारख्या कमी पाहिल्या जाणाऱ्या प्रकारांत मूठभर घरांनी बटण बदलले तरी क्रमांक हलतो, आणि क्रमांकावर जाहिरातीचा दर ठरतो. ऑक्टोबर २०२० मध्ये मुंबई पोलिसांनी टीआरपीतील, म्हणजे याच मोजणीतील, कथित फेरफाराचा गुन्हा जाहीर केला, त्यानंतर वृत्तवाहिन्यांचे आकडेच बार्कने थांबवले. ते पुन्हा सुरू झाले मार्च २०२२ मध्ये. आकडे नसलेल्या त्या सतरा महिन्यांतही चर्चांचा आवाज काही खाली आला नाही. त्यामुळे सगळा दोष टीआरपीच्या माथी मारून मोकळे होता येत नाही.

स्टुडिओतल्या चर्चेत घटनेचे रूप बदलते. रस्त्यावर प्रश्न असतो: आग कुणी लावली, पोलीस किती वाजता आले, दवाखान्यात किती जण आहेत. स्टुडिओत तोच प्रश्न होतो: तुम्ही कुणाच्या बाजूचे? पाहुणे निवडताना त्या गावातला सरपंच, शाळेची बाई किंवा हवालदार यांच्यापैकी कुणी येत नाही. दोन धर्मांचे दोन आवाज बोलावले जातात आणि त्यांनी जितके जोरात बोलावे तितके पुन्हा बोलावणे येते. काही वेळा तर स्टुडिओतून घटनाच जन्माला येते. मे २०२२ च्या अखेरीस ज्ञानवापी मशिदीवरच्या अशाच एका चर्चेत प्रेषितांबद्दल विधान झाले. जूनमध्ये देशातल्या अनेक शहरांत निदर्शने आणि हिंसा झाली. २१ जूनला अमरावतीत एका औषधविक्रेत्याचा आणि २८ जूनला उदयपुरात एका शिंप्याचा खून झाला. दोघांच्या खुनामागे त्या विधानाला पाठिंबा देणारे संदेश हे कारण असल्याचे तपास यंत्रणेचे म्हणणे आहे. खून करणाऱ्याची जबाबदारी खून करणाऱ्यावरच आहे, तिच्यात वाटेकरी नको. पण चर्चेचा तो तास ज्यांनी रचला, त्यांनी अमरावतीच्या त्या घराचा विचार एकदा तरी केला असेल का, हे मला खरेच जाणून घ्यायचे आहे.

कोविडच्या पहिल्या टाळेबंदीत या सगळ्याचे महाराष्ट्रातले रूप दोन प्रसंगांत दिसले. पालघर जिल्ह्यात डहाणू तालुक्यातल्या गडचिंचले गावाजवळ १६ एप्रिल २०२० च्या रात्री दोन साधू आणि त्यांचा गाडीचालक यांना जमावाने ठेचून मारले. पोलीस समोर असताना मारले. मुले पळवणारे, चोर फिरताहेत अशी अफवा त्या पट्ट्यात काही दिवस पसरलेली होती, रात्री गावकरी पहारे देत होते. ही घटना समजून घ्यायची तर तो आदिवासी भाग, टाळेबंदी, व्हॉट्सअ‍ॅपवरचे संदेश आणि पोलिसांची हतबलता हे सारे मांडावे लागले असते. काही वाहिन्यांनी आणि समाजमाध्यमांनी काही दिवसांतच तिला हिंदू-मुसलमान असा रंग दिला. अखेर २२ एप्रिलला तेव्हाचे गृहमंत्री अनिल देशमुख यांना अटक झालेल्या १०१ जणांची यादीच जाहीर करावी लागली आणि तिच्यात एकही मुसलमान नाही हे सांगावे लागले. एका राज्याच्या गृहमंत्र्याला आरोपींचा धर्म सांगण्यासाठी लोकांसमोर यावे लागते, यातच त्या आठवड्याच्या बातम्यांची अवस्था दिसते. आणि या गदारोळात त्या तीन मृतांचे काय झाले? अफवेने माणूस कसा मरतो, पुढच्या वेळी ती कशी रोखायची, हा त्यांच्या मरणातून निघणारा खरा प्रश्न बाजूलाच पडला.

दुसरा प्रसंग तबलिगी जमातीचा. दिल्लीच्या निजामुद्दीन मरकजमधल्या मेळाव्यातून साथ पसरल्याची बातमी मार्चअखेरीस आली. ती बातमीच होती, द्यायलाच हवी होती. पण पाहता पाहता संसर्गाच्या बातमीचा कटाचा आरोप झाला. अहमदनगर जिल्ह्यात २९ परदेशी नागरिकांवर गुन्हे दाखल झाले. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने २१ ऑगस्ट २०२० ला ते रद्द केले. न्यायमूर्ती नलावडे यांनी निकालात लिहिले, की छापील आणि इलेक्ट्रॉनिक माध्यमांतून या लोकांविरुद्ध मोठा अपप्रचार झाला आणि त्यांना बळीचा बकरा केले गेले. सोबतचे न्यायमूर्ती सेवलीकर यांनी निष्कर्षाला सहमती दिली, सगळ्या कारणमीमांसेला दिली नाही. हेही सांगायला हवे. आरोप एप्रिलचा, निवाडा ऑगस्टचा. दंगलीच्या खटल्यांत हे अंतर महिन्यांचे नसते, वर्षांचे असते. श्रीकृष्ण आयोगाचा अहवाल पाच वर्षांनी आला. पेटलेल्या दिवशी चौकात उभ्या असलेल्या ओबी व्हॅन निकालाच्या दिवशी न्यायालयाबाहेर फारशा दिसत नाहीत. बस कुणी जाळली हे ज्या दिवशी ठरते, त्या दिवशी ती बस कुणीच दाखवत नाही.

कायद्याबद्दल थोडक्यात. ९ फेब्रुवारी १९९५ ला सर्वोच्च न्यायालयाने प्रक्षेपणलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, तिच्यावर सरकारची किंवा कुणा खासगी मालकाची मक्तेदारी असू नये, असा निर्णय दिला. तो लिहिणाऱ्यांत न्यायमूर्ती पी. बी. सावंत होते. त्याच वर्षी केबल टीव्हीचा कायदा झाला. धर्मांवर हल्ला करणारे, हिंसेला चिथावणारे कार्यक्रम दाखवू नयेत हे त्याच्या कार्यक्रम संहितेत स्वच्छ लिहिलेले आहे. २००८ मध्ये खासगी वाहिन्यांनी माजी सरन्यायाधीश जे. एस. वर्मा यांच्या अध्यक्षतेखाली स्वनियमनाचे प्राधिकरण उभे केले. त्याला तेव्हा दंड करता येई तो जास्तीत जास्त एक लाख रुपये. ऑगस्ट २०२३ मध्ये सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने विचारले, की अशा दंडाचा धाक कुणाला वाटणार? उलट टोकाचा उपाय ब्रिटनने करून पाहिला आहे. उत्तर आयर्लंडच्या हिंसेच्या काळात, ऑक्टोबर १९८८ पासून सप्टेंबर १९९४ पर्यंत, शिन फेनसारख्या संघटनांच्या नेत्यांचा आवाज टीव्हीवर आणि रेडिओवर ऐकवायला बंदी होती. मग वाहिन्यांनी चित्र नेत्याचे ठेवले आणि आवाज नटाचा घातला. सहा वर्षांनी बंदी उठली. सरकारच्या हाती कात्री देऊन हा प्रश्न सुटेल असे मला वाटत नाही.

कायद्याबाहेरची एक वाट भिवंडीने दाखवली. मे १९७० मध्ये शिवजयंतीच्या मिरवणुकीवरून तिथे भीषण दंगल झाली. न्यायमूर्ती मादन आयोगाने ती तास आणि गल्ली नोंदवत तपासली. तो अहवाल दंगलीचे वार्तांकन करणाऱ्या प्रत्येकाने एकदा चाळावा असा आहे. १९८४ मध्ये भिवंडी पुन्हा पेटली. १९८८ मध्ये पोलीस उपायुक्त म्हणून आलेल्या सुरेश खोपडे यांनी वस्तीवस्तीत मोहल्ला समित्या बांधायला घेतल्या. हिंदू आणि मुसलमान शेजारी, यंत्रमागावरचे कामगार, दुकानदार आणि पोलीस शिपाई एकत्र बसायचे. गटार, नळ, भाडेकरूचे भांडण अशा क्षुल्लक तक्रारींपासून सुरुवात व्हायची. अफवा उठली की खरे काय ते विचारायला ओळखीचा माणूस समोरच्या गल्लीतच असायचा. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबई जळत असताना, दोनदा होरपळलेली भिवंडी पेटली नाही. पुढे मुंबईतही अशा समित्या उभ्या राहिल्या.

न पेटलेल्या गावाचे चाळीस सेकंदांचे दृश्य कसे काढायचे? रात्री अकराला बंद दुकानाच्या फळीवर बसलेले चार लोक आणि एक शिपाई, एवढेच दिसेल. डेस्कवरचा निर्माता ते घेणार नाही, याचे मला नवल वाटत नाही. पण शहर वाचवण्याची खरी कृती तीच होती, आणि वार्ताहराने तिथे जाऊन बसावे, विचारावे, सांगावे असा आग्रह आपण धरू शकतो.

तो आग्रह धरण्याची एक साधी वाट कायद्यात आहे. २०२१ च्या दुरुस्तीपासून कोणीही प्रेक्षक आक्षेपार्ह कार्यक्रमाबद्दल थेट वाहिनीकडे लेखी तक्रार करू शकतो. वाहिनीला पंधरा दिवसांत उत्तर द्यावे लागते. समाधान झाले नाही तर त्यापुढच्या पंधरा दिवसांत स्वनियमन संस्थेकडे अपील करता येते. वकील लागत नाही. म्हणून पुढच्या वेळी पडद्यावर बस जळताना दिसली आणि कोपऱ्यात तारीख, वेळ, गाव काहीच दिसले नाही, तर चॅनेल बदलण्याआधी शेजारी पडलेल्या वहीत वाहिनीचे नाव, कार्यक्रमाचे नाव, आजची तारीख आणि घड्याळातली वेळ लिहून ठेवा. तक्रारीला एवढे लागते. आणि त्या गावात कुणी ओळखीचे असेल, तर आधी त्यांना फोन करा.